हरवलेली बेटं आणि समुद्रावर मोजलेली तिथी

तुम्ही दुबईत असा, कॅलिफोर्नियात असा नाहीतर मॉरिशसमध्ये, बोगनवेल तुमच्या ओळखीची असणारच. पुण्या-नाशकातल्या कुंपणांवर ती इतकी मुरलेली आहे की 'बोगनवेल' हा अस्सल मराठी शब्द वाटतो. प्रत्यक्षात तो एका फ्रेंच दर्यावर्दीच्या आडनावावरून आला आहे. त्याचं नाव लुई-आंत्वान द बुगाँव्हिल. त्याच्या पृथ्वीप्रदक्षिणेत सामील झालेल्या कोमर्सों या वनस्पतिशास्त्रज्ञाला १७६७ साली ब्राझीलमध्ये ही वेल दिसली आणि तिला मोहिमेच्या प्रमुखाचं नाव मिळालं.

वेलीची गोष्ट इथेच थांबवते. याच प्रवासात झालेलं एक मोजमाप मला त्याहून जास्त मोलाचं वाटतं. ते करणाऱ्या माणसाचं नाव मात्र कोणत्याच झाडाला मिळालं नाही.

सुरुवात दोनशे वर्षं आधीपासून करावी लागेल. नोव्हेंबर १५६७ मध्ये मेंदान्या नावाचा स्पॅनिश कप्तान पेरूच्या किनाऱ्यावरून पश्चिमेला निघाला. फेब्रुवारी १५६८ मध्ये त्याला डोंगराळ, हिरव्या बेटांची एक रांगच लागली. पुढे लोक तिला सॉलोमन बेटं म्हणू लागले, कारण बायबलातल्या सॉलोमन राजाचं सोनं तिथेच असणार अशी अनेकांची समजूत होती. मेंदान्या परत आला. १५९५ मध्ये चार जहाजं आणि वसाहत करायला निघालेली बायकामुलं घेऊन तो पुन्हा गेला. त्याला सॉलोमन बेटं सापडली नाहीत. तो त्यांच्या पूर्वेला काही शे किलोमीटरवर असलेल्या सांताक्रूझ बेटापाशी पोचला आणि तिथेच तापाने वारला. त्यानंतर पावणेदोनशे वर्षं ती बेटं कोणाही युरोपीय माणसाला भेटली नाहीत. नकाशे काढणारे त्यांना पॅसिफिकमध्ये मन मानेल तिथे सरकवत राहिले आणि शेवटी काहींनी ती अस्तित्वातच नाहीत असं ठरवून टाकलं. तिथे हजारो वर्षं राहणाऱ्या माणसांना अर्थातच आपण हरवलो आहोत हे माहीत नव्हतं!

एवढा मोठा द्वीपसमूह हरवतो कसा?

जमिनीवरच्या जागेचा पत्ता दोन आकड्यांत लिहिता येतो, अक्षांश आणि रेखांश. पैकी अक्षांश सोपा आहे. भर दुपारी सूर्य क्षितिजापासून किती अंश वर आहे ते मोजा, त्या तारखेची दुरुस्ती करा, झालं. मेंदान्याच्या नाविकांनाही ते बऱ्यापैकी जमत होतं. रेखांश मात्र आकाशाकडे बघून असा सहज मिळत नाही, कारण पृथ्वी फिरते. आज तुमच्या डोक्यावर जे आकाश आहे तेच काही तासांनी तुमच्या पश्चिमेला राहणाऱ्याच्या डोक्यावर येतं. त्या दोन आकाशांत फरक असतो तो फक्त वेळेचा.

मग खलाशी काय करत? अंदाज. गाठी मारलेली दोरी पाण्यात सोडायची, वाळूचं घड्याळ रिकामं होईपर्यंत किती गाठी हातातून सुटल्या ते मोजायचं आणि त्यावरून जहाजाचा वेग काढायचा. वेगाला 'नॉट' म्हणतात ते या गाठींमुळे. वेग, दिशा आणि गेलेला वेळ यांवरून आपण कुठवर आलो हे रोज नकाशावर मांडायचं. (मेंदान्याच्या काळी तर वेगही बहुतेक नजरेनेच ठरवत.) पण ही दोरी जहाजाचा वेग मोजते तो पाण्याच्या तुलनेत. पाणीच वाहत असेल तर? विषुववृत्ताच्या दक्षिणेला पॅसिफिकमध्ये पश्चिमेकडे जाणारा मोठा प्रवाह आहे. समजा तो फक्त अर्धा नॉट वेगाने जहाजाला पुढे ढकलतो आहे. दिवसाला १२ समुद्री मैल झाले. तीस दिवसांत ३६०. म्हणजे महिनाभरात सहा अंशांची चूक होते आणि जहाजावर कोणालाही तिचा पत्ता लागत नाही. मेंदान्याच्या माणसांनी कापलेलं अंतर खऱ्यापेक्षा कितीतरी कमी धरलं त्यामागे हे एक मोठं कारण होतं. बेटं नकाशावर पेरूच्या फार जवळ आली. पुढच्यांनी ती जवळ शोधली, आणि जवळ ती नव्हतीच.

माझं रोजचं काम प्रयोगशाळेतल्या मोजमापांशी आहे, म्हणून या प्रकारच्या चुकीची मला विशेष धास्ती वाटते. थोडी इकडे, थोडी तिकडे अशी चूक असेल तर पुष्कळदा मोजून ती कमी करता येते. रोज एकाच दिशेने होणारी चूक तशी कमी होत नाही, साठत जाते.

फ्रेंच नाविकांनी या अज्ञानासोबत राहण्याची एक युक्ती बसवली होती. मॉरिशसचे वाचक ती लगेच ओळखतील. हिंद महासागरातून मॉरिशसकडे, तेव्हाच्या 'इल द फ्रान्स'कडे येताना जहाजं सरळ बेटावर येत नसत. ती मुद्दाम बरीच पूर्वेला जाऊन रॉड्रिग्जच्या अक्षांशावर येत, रॉड्रिग्ज डोळ्यांनी बघत आणि मग तो अक्षांश धरून पश्चिमेला निघत. दोन्ही बेटं जवळजवळ एकाच अक्षांशावर आहेत, एक १९ अंश ४३ मिनिटांच्या आसपास, दुसरं २० अंशांच्या, त्यामुळे चुकामूक होत नसे. घर नंबर माहीत नसेल तर गल्लीच्या टोकापासून सुरुवात करून प्रत्येक दार बघत जायचं, तसंच हे. पण त्यासाठी निदान गल्ली माहीत हवी. पॅसिफिकमध्ये तीही नव्हती.

आता रेखांशाकडे वळू. त्यासाठी फळीवरच्या तांदुळाच्या पिशवीमागे किंवा फ्रिजच्या दारावर जिथे कुठे तुमचं कालनिर्णय असेल ते काढा.

परदेशात राहणाऱ्या आपल्या सगळ्यांना एक हिशेब पाठ असतो. भारतातल्या पंचांगात लिहिलंय की आज अमुक तिथी रात्री साडेनऊला संपते. ती तुमच्याकडे केव्हा संपते? हिवाळ्यात लंडनला दुपारी चारला, न्यूयॉर्कला सकाळी अकराला, दुबईला रात्री आठला. तिथी सगळ्या जगात एकाच क्षणी संपते, घड्याळं फक्त वेगवेगळी आकडे दाखवतात. कारण तिथी म्हणजे सूर्य आणि चंद्र यांच्यातलं कोनात्मक अंतर. अमावास्येला ते शून्य असतं, मग दर बारा अंशांना एक तिथी पुरी होते आणि एकशे ऐंशी अंशांवर पौर्णिमा संपते. आकाशातल्या या घड्याळाचा काटा म्हणजे चंद्र.

आता हाच हिशेब उलटा करा. तुम्ही समुद्रावर आहात. फोन नाही, भारतीय वेळ दाखवणारं घड्याळ नाही. फक्त पंचांग आहे, आणि सूर्य-चंद्रातलं अंतर मोजायचं साधन आहे. तुम्ही मोजत राहता आणि नेमक्या ज्या क्षणी तिथी संपते त्या क्षणी सूर्य कुठे आहे ते पाहून स्थानिक वेळ काढता. समजा दुपारचे चार वाजलेत. पंचांग सांगतं की या क्षणी भारतात साडेनऊ आहेत. फरक साडेपाच तासांचा. पृथ्वी तासाला १५ अंश फिरते, म्हणजे तुम्ही भारतीय प्रमाणवेळेच्या रेखांशापासून साडेब्याऐंशी अंश पश्चिमेला आहात. तो रेखांश ८२.५ अंश पूर्व. वजा करा. तुम्ही ग्रीनिचच्या रेषेवर आहात!

नाविक हेच करू पाहत होते. त्यांच्या पंचांगातली वेळ पॅरिसची होती, आणि रात्री ते सूर्याऐवजी एखादा ठळक तारा घेत. तत्त्व जुनंच होतं. अडचण काट्याची होती. हा काटा फार सावकाश चालतो. चंद्र सूर्यापासून तासाला साधारण अर्धा अंश दूर जातो, म्हणजे जवळपास स्वतःच्या बिंबाएवढा. मोजताना एका कलेची, म्हणजे अंशाच्या साठाव्या भागाची चूक झाली तर वेळेत दोन मिनिटांची चूक होते आणि रेखांशात अर्ध्या अंशाची. विषुववृत्तावर ते होतात सुमारे ५५ किलोमीटर. आणि हे मोजायचं कुठून, तर वर-खाली होणाऱ्या डेकवरून.

शिवाय पंचांग चंद्राची जागा पृथ्वीच्या केंद्रातून बघितल्यासारखी देतं. आपण उभे असतो पृष्ठभागावर. चंद्र इतका जवळ आहे की एवढ्या फरकानेही तो जवळजवळ एक अंशापर्यंत सरकलेला दिसतो. डोळ्यासमोर बोट धरून एकदा डावा, एकदा उजवा डोळा मिटला की बोट सरकतं तसंच. याला लंबन म्हणतात. वातावरणातल्या वक्रीभवनामुळे तो थोडा वरही उचलला जातो. म्हणून एकाच वेळी तीन मापं घ्यावी लागत: चंद्र आणि तारा यांतलं अंतर, चंद्राची उंची, ताऱ्याची उंची. मग तासन्‌तास आकडेमोड. ही आकडेमोड कमी व्हावी म्हणून ठरावीक तासांची चंद्र-तारा अंतरं आधीच काढून छापावीत, ही योजना लाकाय या फ्रेंच खगोलज्ञाने मांडली होती. केप ऑफ गुड होपला वेध घेऊन मॉरिशसला येऊन गेलेला हाच तो लाकाय. ती छापून दाखवली इंग्रजांनी, १७६७च्या नाविक पंचांगात. फ्रेंच पंचांगात ही अंतरं १७७४च्या अंकापासून आली.

बुगाँव्हिल डिसेंबर १७६६ मध्ये ब्रेस्टहून निघाला. त्याच्या जहाजाचं नाव 'ला बुदझ', म्हणजे चक्क 'रुसूबाई'. पुरवठ्याचं जहाज 'एत्वाल', म्हणजे तारा, त्याला पुढे ब्राझीलमध्ये भेटलं. आपल्या गोष्टीतला महत्त्वाचा माणूस म्हणजे मोहिमेवरचा खगोलज्ञ पिएर-आंत्वान व्हेरॉं. लालांद या नामवंत खगोलज्ञाचा हा शिष्य तेव्हा तिशीत होता. समुद्रावर चालणारी अचूक घड्याळं तेव्हा नुकती घडत होती. हॅरिसनचं इंग्लंडमध्ये होतं, ल रुआ आणि बेर्तू यांची फ्रान्समध्ये चाचणीवर होती. बुगाँव्हिलकडे मात्र त्यातलं काही नव्हतं. व्हेरॉंकडे चंद्र होता.

जानेवारी १७६८च्या अखेरीस दोन्ही जहाजं मॅगेलनची सामुद्रधुनी पार करून पॅसिफिकमध्ये आली. एप्रिलमध्ये ताहिती. त्याबद्दल बुगाँव्हिलने इतकं रसभरीत लिहून ठेवलंय की लोकांना त्याचा प्रवास तेवढाच आठवतो. खरी परीक्षा पुढे होती. जूनच्या पहिल्या आठवड्यात पश्चिमेकडे जाताना समोर फुटणाऱ्या लाटांची पांढरी रेघ दिसली. जमीन दिसत नव्हती, पण आडवा पसरलेला प्रवाळ खडक होता. ऑस्ट्रेलियाचा पूर्व किनारा त्याच्या पलीकडे होता, पण बुगाँव्हिल उत्तरेला वळला. पुढे न्यू गिनीच्या शेपटाला वळसा घालेपर्यंत उलटा वारा, धुकं, पाऊस. अन्न संपत आलेलं. खलाशी उंदीर खात होते, जुनं चामडंसुद्धा खाऊ लागले, तेव्हा बुगाँव्हिलला ते खायला बंदी घालावी लागली. फॉकलंडपासून सोबत असलेली दुधाची शेळी मारावी लागली, तेव्हा ती सांभाळणारा खाटीकच रडला.

या दिवसांत आपण पॅसिफिकच्या नेमक्या कोणत्या रेखांशावर आहोत हा प्रश्न पोटाचा होता. डच लोकांची मसाल्याची बेटं, जिथे अन्न मिळेल, ती किती दिवसांवर आहेत? आठ की तीस? शिधा वाटायचा तर हा आकडा लागतो.

जुलैच्या सुरुवातीला त्यांना उंच डोंगरांची बेटं लागली. एकाला बुगाँव्हिलने शुआजल हे मंत्र्याचं नाव दिलं, दुसऱ्यावर पुढे त्याचंच नाव आलं. स्थानिक लोकांशी चकमक झाली, तो थांबला नाही. ही बेटं म्हणजेच मेंदान्याची सॉलोमन बेटं! २०० वर्षांनी ती युरोपीय जहाजाच्या डेकवरून दिसली, आणि ती तीच आहेत हे डेकवरच्या कोणाला कळलं नाही.

६ जुलैच्या सुमारास त्यांनी न्यू आयर्लंडच्या दक्षिण टोकाजवळच्या एका खाडीत नांगर टाकला आणि तिला नौदलमंत्र्याच्या नावावरून पोर्ट प्रालँ म्हटलं. पाऊस कोसळत होता. आसपास हिंडताना शिशाच्या पत्र्याचा एक तुकडा सापडला, त्यावर इंग्रजी अक्षरं होती. वर्षभरापूर्वी कार्टरेट हा इंग्रज कप्तान तिथेच येऊन गेला होता. एवढ्या विराट महासागरात दोघांनी आपापल्या दुरवस्थेत जवळजवळ एकच जागा निवडावी, याची मला गंमत वाटते.

१३ जुलैला तिथे सूर्यग्रहण होतं आणि व्हेरॉंने त्याचा वेध घेतला. तिथीच्या भाषेत सांगायचं तर ग्रहण म्हणजे अमावास्या संपायचा क्षण, पण डोळ्यांनी दिसणारा. सूर्य-चंद्रातलं अंतर तिथे मोजावं लागत नाही, बिंबावर बिंब सरकताना दिसतं. आणि पाय जमिनीवर असतात. हलत्या डेकवर ऑक्टंटने कलांमध्ये होणारी चूक इथे दुर्बिणीमुळे खूप खाली येते. लंबनाची दुरुस्ती करावी लागतेच, पण आता बाकीची मापं भरवशाची आहेत. पोर्ट प्रालँ पॅरिसच्या पूर्वेला सुमारे दीडशे अंशांवर आहे. म्हणजे तिथे दुपारचे बारा वाजतात तेव्हा पॅरिसला रात्रीचे दोन. या एका आकड्यासोबत दुसरा आकडा आपोआप आला. अमेरिकेच्या किनाऱ्याचा रेखांश बऱ्यापैकी माहीत होता, आता पलीकडचं टोकही ठरलं. पॅसिफिक महासागर किती रुंद आहे ते समजलं. बुगाँव्हिलने स्वतः या निरीक्षणाचं हेच महत्त्व नोंदवलं आहे.

सप्टेंबरच्या पहिल्या दिवशी जहाजं बुरू बेटावरच्या डच ठाण्यात पोचली आणि माणसं पोटभर जेवली. नोव्हेंबरमध्ये ती मॉरिशसला आली. शुक्राचं १७६९चं अधिक्रमण बघायला पुढे जाता यावं म्हणून व्हेरॉं तिथेच उतरला. तो फ्रान्सला परतला नाही. १७७०मध्ये, पस्तिशीच्या आसपास, तो वारला.

याच सुमारास दुसरं एक फ्रेंच जहाज आपल्याकडून निघालं होतं. सुर्व्हिल नावाच्या कप्तानाचं 'सें जाँ-बाप्तिस्त' मार्च १७६९मध्ये बंगालमधल्या चंदननगरहून निघालं, पाँडिचेरीला थांबलं आणि जूनमध्ये पूर्वेला गेलं. इंग्रजांना पॅसिफिकमध्ये एक श्रीमंत बेट सापडल्याची अफवा ऐकून काढलेली ही व्यापारी सफर होती. खलाशांत भारतीयही होते. जहाज डिसेंबरमध्ये न्यूझीलंडला पोचलं. म्हणजे तिथल्या आपल्या मंडळींनी ऐकून ठेवावं, भारतीय माणूस त्या किनाऱ्यावर १७६९ सालीच पोचला होता. वाटेत ऑक्टोबरमध्ये सुर्व्हिलही सॉलोमन बेटांपाशी आला. स्कर्व्हीने माणसं मरत होती. त्याने एका बंदरात आसरा घेतला आणि त्याला नाव दिलं... पोर्ट प्रालँ! मंत्री तोच होता ना. त्यामुळे काही शे किलोमीटरच्या अंतरात एकाच नावाची दोन बंदरं झाली. नाव हा पत्ता म्हणून किती निरुपयोगी असतो याचा याहून चांगला नमुना माझ्याकडे नाही. सुर्व्हिलजवळ खगोलज्ञ नव्हता आणि ही बेटं कोणती हे त्यालाही कळलं नाही. एप्रिल १७७०मध्ये पेरूच्या किनाऱ्यावर मदत मागायला जाताना लाटांमध्ये तो बुडाला.

बेटं सापडली ती पॅरिसमध्ये, टेबलावर. १७८१ साली भूगोलतज्ज्ञ ब्युआश याने मेंदान्याची जुनी वर्णनं आणि बुगाँव्हिल व सुर्व्हिल यांच्या नोंदी शेजारी ठेवल्या आणि तिन्ही एकच आहेत असं मांडलं. १७८८मध्ये शॉर्टलंड हा इंग्रज तिथून गेला आणि नवा शोध समजून त्याने 'न्यू जॉर्जिया' असं नाव देऊन टाकलं. त्यावर फ्रेंच नौदलातला फ्लरिय चिडला आणि १७९०मध्ये त्याने अख्खं पुस्तक लिहून ब्युआशचा मुद्दा पक्का केला. हाच फ्लरिय तरुणपणी, १७६८-६९मध्ये, बेर्तूची घड्याळं जहाजावर नेऊन तपासत होता. चिडका असला तरी रेखांश म्हणजे काय हे त्याच्याइतकं कमी लोकांना कळत होतं.

फ्लरियने त्याआधी आणखी एका मोहिमेच्या सूचना तयार केल्या होत्या. १७८५मध्ये ब्रेस्टहून निघालेला लापेरूझ हा तिचा प्रमुख. त्याच्याकडे चंद्राची पद्धत होती, बेर्तूची घड्याळंही होती आणि सॉलोमन बेटं तपासण्याचं कामही होतं. मार्च १७८८मध्ये त्याची दोन्ही जहाजं ऑस्ट्रेलियातल्या बॉटनी बेमधून बाहेर पडली आणि नाहीशी झाली. त्याला शोधायला दाँत्रकास्तो दोन जहाजं घेऊन निघाला. त्याने सॉलोमन बेटांचे पत्ते नीट तपासून घेतले, ब्युआश बरोबर ठरला. मे १७९३मध्ये दूरवर आणखी एक बेट दिसलं. आपल्या 'रशेर्श' या जहाजाचं नाव, म्हणजे 'शोध', त्याने बेटाला दिलं, नकाशावर टिंब मांडलं आणि न थांबता पुढे निघाला.

१८२६मध्ये पीटर डिलन हा व्यापारी कप्तान तिकोपिया या छोट्या बेटावर थांबला. तेरा वर्षांपूर्वी त्यानेच तिथे सोडलेला एक भारतीय खलाशी अजून तिथे राहत होता. त्याच्याकडे तलवारीच्या मुठीचा एक चांदीचा तुकडा होता. तो कुठला, असं विचारल्यावर त्याने शेजारच्या वानिकोरो बेटाचं नाव सांगितलं. तिथे आपण जाऊन आलोय, तिथे फार पूर्वी दोन मोठी जहाजं खडकावर फुटली होती, असंही सांगितलं. डिलन कोलकात्याहून जहाज घेऊन १८२७मध्ये वानिकोरोला गेला आणि लापेरूझच्या जहाजांचे अवशेष घेऊन आला. वानिकोरो म्हणजे दाँत्रकास्तोने टिंब मांडलेलं तेच बेट. आज ते सॉलोमन आयलंड्स या देशात आहे.